उजवा हात, डावा कान

माझे हात लांब आहेत. आमच्या घरात सगळ्यांचेच. पण या हातांपायी मला एकदा चांद्याच्या कोर्टाची पायरी चढावी लागली.

आमचं गाव वैनगंगेच्या पलीकडे, गडचिरोलीच्या जंगलात. तिथे जन्माचा दाखला कोण ठेवणार? पोराला शाळेत घालायचं तर गुरुजी त्याला उभं करत आणि उजवा हात डोक्यावरून नेऊन डाव्या कानाला लावायला सांगत. हात पोचला की पोर सहा वर्षांचं. माझा हात चौथ्या वर्षीच कानाच्या खाली गेला. गुरुजी खूश झाले आणि सहा वर्षं लिहून मोकळे झाले. पहिलीत मी रोज झोपायचो, ते मठ्ठ म्हणून नव्हे, वय झोपेचं होतं म्हणून.

याचा तडाखा बसला तो नायब तहसीलदारीच्या परीक्षेला. पंचविशीच्या आतले उमेदवार हवे होते. मी चोवीस वर्षांचा, कागदावर सव्वीसचा. अर्ज परत आला. पुढच्या खेपेला मी खऱ्या वयानंही बाद होणार होतो, म्हणजे यंदा नाही तर कधीच नाही. मी दोन दिवस जेवलो नाही, भेटेल त्याच्यावर खेकसत राहिलो. शेवटी आईच म्हणाली, "रडून काय राह्यला? चाल चांद्याले. तुले जलम मी देल्ला, का त्या मास्तरनं?"

चांद्याच्या म्हाताऱ्या मुसलमान वकिलांनी आमची केस घेतली आणि साक्षीला आईला उभं केलं. जज्जसाहेबांनी आधी रीतीप्रमाणे विचारलं, "बाई, तुमचं वय?"

"मले काय मालूम? लिवा पन्नास." कोर्ट हसलं. मीही हसलो. वडील गेल्यापासून सारं गाव तिला म्हातारीच म्हणायचं. दिवाळीनंतर गावोगाव भरणाऱ्या मंडईच्या जत्रेतल्या नाटकांची वेडी बाई, पण आपलं वय झालं म्हणून तिनं ती पाहणंही सोडलं होतं.

मुलगा कधी झाला, तर तिनं सांगितलं, "कटंग फुलली त्या साली. बांबूचं बी रांधून खाल्लं मी बाळंतपनात." आमच्या जंगलात बांबू माणसाच्या आयुष्यात एकदा फुलतो, आणि तो कोणत्या साली फुलला ते जंगल खात्यानं लिहून कळवलंच होतं. हिशोब चोवीसचा आला.

सरकारी वकील उठले. चार वर्षांच्या पोराचा हात कानाला पोचणं अशक्य आहे, म्हणाले. आई याचीच वाट पाहत होती. तिनं माझ्या बहिणीची मुलगी पुढे केली. ती चांद्याच्या दवाखान्यात जन्मलेली, दाखल्यासकट चार वर्षांची. "लाव वं कानाले हात." पोरीनं कान नुसता धरला नाही, चांगला पिळला. जज्जसाहेब खो खो हसले. सरकारी वकिलांनी नकळत आपलाही हात डोक्यावरून नेला. तो कानापर्यंत जेमतेम पोचला.

निकाल परीक्षेच्या आधी लागला आणि माझी दोन वर्षं मला परत मिळाली. वकीलसाहेबांनी पाठ थोपटली, "जाओ बेटा, अभी तो तुम बच्चे हो." मला आभाळ ठेंगणं झालं होतं.

परतताना वैनगंगेच्या काठी डोंग्याची वाट पाहत बसलो होतो. आई एकदम म्हणाली, "काऊन रे, माही उमर कोनी काहाडंन का?"

"तुला काही आठवतं?"

"मानमोडीच्या साथीत माही माय मेली. मी अंगावर पीत होती म्हनत."

मानमोडीचं, म्हणजे इन्फ्लुएंझाच्या साथीचं साल मला शाळेपासून पाठ होतं: एकोणीसशे अठरा. मी वाळूवर बोटानं हिशोब मांडला, पुसला, पुन्हा मांडला. उत्तर तेच येत होतं.

"आई, तू अडतीस वर्षांची आहेस. फार तर एकोणचाळीस."

"मंग मले समदे म्हातारी काऊन म्हनून राह्यले?"

माझ्या दोन वर्षांसाठी वकील लावला, कोर्ट बसलं. तिची दहा-बारा वर्षं लोकांनी सहज वाढवली होती, आणि कोर्टाच्या कागदावरही आता पन्नासच होती. माझे डोळे भरून आले. ती मात्र डोंग्यात बसल्यावर एकटीच हसायला लागली.

त्या दिवाळीनंतर गावात मंडई भरली. मी परीक्षा देऊन आलो होतो. पास होईन याची मला खात्री होती, आणि पुढे झालोही. नाटकाला आई सगळ्यांच्या आधी जाऊन अगदी पुढे बसली. मागून शेजारीण ओरडली, "ए म्हातारे, सरक ना जराशी!"

आईनं मान वळवली. "म्हातारी असंन तुही सासू! अडतीस वर्साची हावो मी."

आणि ती तसूभरही हलली नाही.