मोजणीवाली

मी सिनेमे करते म्हटलं की मालवणात लोक आधी विचारतात, हिरो कोण? माझ्या सिनेमात हिरो नसतो. माळ असतो, पिवळं गवत असतं, ढगाची सावली सरकते, नि तेवढ्यावर पाऊण तास निघतो. आई दुसऱ्याच मिनिटाला घोरायला लागते. जाग आली की वर विचारते, "गवात वाढला काय गो?"

बाबा गेल्यापासून तिने माळावरच्या आमच्या बागेत पाऊल टाकलं नव्हतं. आधी दोघं रोज जायची. आता विषय काढला की म्हणायची, "गुडघे दुखतत." आणि तेच गुडघे घेऊन मासळीबाजारात बांगड्यांवरून तासभर हुज्जत घालायची! तिने एकदा तरी बागेत यावं म्हणून माझा जीव तुटत होता. येत नाही ना, मग बागच तिच्यासमोर नेऊ, असं मी ठरवलं.

सकाळी गडग्याजवळ, म्हणजे आमच्या चिऱ्याच्या कुंपणाजवळ, ट्रायपॉड लावला, कॅमेरा सुरू केला आणि गप्प उभी राहिले. तिथेच फसले. आमच्याकडे माळावर तीन पायांचं काही उभं दिसलं की एकच अर्थ: मोजणी आली. पलीकडच्या बागेचे काका लुंगी सावरत धावत आले.

"कसली मोजणी? माका नोटीस खंय आसा?"

"काका, गवताचं शूटिंग करतेय."

"गवताचा? माका शेंडी लावतंस?"

मग माझा नाद सोडून ते थेट कॅमेऱ्यासमोर उभे राहिले, हात जोडले आणि एकदम कचेरीतल्या मराठीत सुरू झाले. "साहेब, हा फणस आमचा आहे. आमच्या वडिलांनी लावलेला आहे." पाठोपाठ आणखी चारजण आले, त्यांनीही आपापल्या हद्दी साहेबांना दाखवल्या. माझ्या शांततेचे पार तीनतेरा वाजले. अस्सा राग आला होता मला!

दुपारी जेवणं झाल्यावर तेच टीव्हीवर लावलं. आई नेहमीसारखी आडवी झालेली. काका फणसापाशी आले नि ती ताडकन उठून बसली.

"शिरा पडो तेच्या तोंडार! फणस तुझ्या बापाशीन लायलो. मी कळशी घेवन उभी होतंय! चल, माका आत्ताच्या आत्ता थंय घेवन चल."

"आणि गुडघे?"

"गुडघ्यांका काय धाड भरली?"

रिक्षा केली. गडग्याच्या अल्याड आई, पल्याड काका, असा मनसोक्त तंटा झाला. काका काही हरले नाहीत, पण चहाची वेळ झाली तसे कंटाळून घरी गेले. आई फणसाला टेकून बसली. जरा वेळाने तिने मान वर करून खोडाला लागलेले कोवळे फणस पाहिले.

"कुयऱ्यो धरल्यो गो," ती म्हणाली. "तुझ्या बापाशीक हेंची भाजी किती आवडायची."

आणि ती रडायला लागली. बाबा गेले त्या दिवशीसुद्धा ती रडली नव्हती, आल्यागेल्यांना चहा देत राहिली होती. मी तिच्या शेजारी बसले आणि मलाही रडू आवरेना. बऱ्याच वेळाने तिने पदराने आधी माझं नाक पुसलं, मग स्वतःचं.

"उद्या कोयतो घेवन येवया," ती म्हणाली.