मेहुण्यानं कापलेला सीन

आमच्या मेहुण्याइतका हुकूम सोडणारा माणूस अख्ख्या इंग्लंडात सापडायचा नाही, आणि कहर म्हणजे लोक त्याचं मुकाट्यानं ऐकतात! माझ्या बायकोचा हा धाकटा भाऊ. लंडनच्या ईलिंगमध्ये जन्मला, ईलिंगमध्येच वाढला, टीव्हीवाल्यांकडे चहाचे मग वाहण्यापासून सुरुवात केली आणि दोन हजार सालानंतर बघता बघता हॉस्पिटलवरच्या एका मालिकेचा डायरेक्टर होऊन बसला. मी खऱ्या हॉस्पिटलात भूल देणारा डॉक्टर, म्हणून शंका विचारायला मी हक्काचा. "जिजाजी, हार्ट थांबल्यावर पेशंट मरायला किती वेळ लागते? माझ्याकडे नऊ सेकंद आहे." मी म्हटलं, "अरे बाबा, नऊ सेकंदांत आमच्याकडे कुणी फोनसुद्धा उचलत नाही." तर म्हणतो कसा, "मग तुमचं एडिटिंग लूज आहे!" आता बोला.

बरं, हा माणूस घरी आला तरी डायरेक्टरच. आमच्याकडच्या गणपतीत त्यानं आरती मध्येच थांबवली. डाव्या बाजूच्या टाळ्या उशिरा पडत होत्या म्हणे. "लव्हली एनर्जी, पण परत घेऊ या, फ्रॉम द टॉप." तबक हातात धरलेले गुरुजी बिचारे निमूटपणे पुन्हा 'सुखकर्ता'पासून सुरू झाले. मी चिडलो होतो, पण खोटं कशाला बोलू, दुसरी आरती खरंच छान झाली. भाचीच्या लग्नात तर त्यानं नवऱ्या मुलाला तीन वेळा हार घालायला लावला आणि मुलाच्या बापाला "तुम्ही जरा कमी रडा" असं तोंडावर सांगितलं. चुकलो, हा शब्द त्याच्या मराठीत नव्हता. इंग्रजीतही नसावा.

फक्त एका माणसापुढे त्याची डाळ शिजत नसे. आईपुढे. सासूबाई त्याचा एकही भाग चुकवत नसत, पण भाग संपला की ठरलेला प्रश्न यायचाच, "अरे, नट बोलतात, लेखक लिहितो, कॅमेरावाला फोटो घेतो. मग तू नक्की करतोस काय?" तो समजावून समजावून थकला. शेवटी भागाच्या अखेरीस येणारं आपलं नाव दाखवायला गेला, तर चॅनेलवाल्यांनी नावं कोपऱ्यात मुंगीएवढी करून टाकलेली आणि वरून पुढच्या कार्यक्रमाची बडबड. "दिसलं हो," सासूबाई चष्मा पुसत म्हणायच्या. त्यांना काही दिसलेलं नसे, हे त्यालाही कळायचं. पन्नास माणसांना नाचवणारा हा गडी तेवढ्यापुरता अगदी एवढासा व्हायचा. मला वाईट वाटायचं त्याचं.

म्हणून एकदा त्यानं आईलाच शूटिंगला नेलं. हॉस्पिटलच्या वेटिंग रूममध्ये नुसतं बसायचं, मासिक चाळायचं, बस्स. शेजारच्या खुर्चीवर नुकताच नवरा गेलेल्या बाईच्या भूमिकेतली नटी रडणार. सोबतीला म्हणून मीही होतो. कॅमेरा सुरू झाला, नटीनं हुंदका दिला आणि सासूबाईंनी मासिक टाकून तिचा हात धरला, "रडू नको गं बाई." पुन्हा घेतलं. या वेळी त्यांनी पर्समधून डबा काढून तिच्या मांडीवर बेसनाचा लाडू ठेवला! नटी खरंच रडायला लागली, मेकअपवाली रडली, लाईटवाला दांडगा गडी नाक पुसू लागला. सगळे म्हणाले, हाच शॉट ठेवा. मेहुण्यानं आईला चहाला पाठवलं आणि सीन आणखी एकदा घेतला.

तो भाग टीव्हीवर लागायचा त्या संध्याकाळी सासूबाईंनी एजवेअरच्या मैत्रिणींसकट वीस जणांना जेवायला बोलावलं. नवी पैठणी नेसून सोफ्यावर मधोमध बसल्या. सीन आला. नटी रडली, रडतच राहिली, शेजारची खुर्ची रिकामी. लाडू नाही, हात नाही, सासूबाई नाहीत. त्यानं त्यांच्याशिवायचा शॉट लावला होता. कुणी कुणाकडे बघेना. मेहुणा दारापाशी उभा, चेहरा पांढराफटक. "आई, सॉरी. मी खूप ट्राय केला. पण..."

"गप रे," सासूबाई म्हणाल्या. डोळे टीव्हीवरच होते. मग सावकाश म्हणाल्या, "तिला जगात कुणी उरलं नाही, हे दिसायला हवं होतं. मी तिथे बसले असते, तर ते दिसलं नसतं. बरोबर केलंस." आणि मैत्रिणींकडे वळून, कौतुक लपवायचा जराही प्रयत्न न करता, "बघितलंत? हे करतो आमचा मुलगा."

मेहुणा चहा टाकतो म्हणून किचनमध्ये गेला. बराच वेळ आला नाही, तेव्हा मी बघायला गेलो. विजेच्या किटलीचं बटण दाबलेलंही नव्हतं. पाठ वळवून उभा होता आणि खांदे हलत होते. पुढे त्यानं मोठमोठी कामं केली, बक्षिसं घेतली, स्टेजवर झकास भाषणं ठोकली. सासूबाई आता नाहीत. पण त्या दिवशी, आयुष्यात पहिल्यांदाच, त्या हुकूमशहाला पुढे काय करायचं ते सुचत नव्हतं, म्हणून बटण मी दाबलं आणि पाणी उकळेपर्यंत त्याच्या शेजारी नुसता उभा राहिलो.