बिनसहीचा कागद

दिघेसाहेबांच्या तोंडून 'नाही' हा शब्द मी कधी ऐकला नाही. 'विचार करण्यासारखं आहे' म्हणाले की काम होणार नाही, आणि 'तुमचा मुद्दा माझ्या लक्षात आला' म्हणाले की आपण मूर्खपणा केलाय, एवढं समजून घ्यायचं. चंडीगडला लागून असलेल्या एयरोसिटीत ते आमच्या वरच्या मजल्यावर राहायला आले, तेव्हा निवृत्त राजदूत आलेत म्हणून सगळी इमारत खाली उतरली होती. मीही उतरलो. मी जगताप, मूळचा कराडचा. सेक्टर १७ च्या सरकारी ऑफिसात बत्तीस वर्षं काढली. मला बघायला कधी कुणी उतरलं नव्हतं.

दिघ्यांनी छत्तीस वर्षांत सात देश पाहिले. बायकोचं माहेर चंडीगडचं, म्हणून शेवटी इथे घर घेतलं, आणि वर्षभरात तीच गेली. मूलबाळ नव्हतं. एका देशात यादवी पेटली असताना त्यांनी आपल्या मजुरांच्या तीन बस लष्करी नाक्यावरून सोडवून आणल्या होत्या.

"बंदूकवाल्याला सांगितलंत तरी काय?" मी विचारलं.

"काही नाही हो. त्याच्या आईची तब्येत विचारली. मग तीन तास तोच बोलत होता."

मी अकरा वर्षं महाराष्ट्र मंडळाचा चिटणीस. गणपतीत पुढच्या रांगेत चंडीमंदिर छावणीतले लष्करी अधिकारी बसणार की देणगीदार, यावरून दरवर्षी रुसवेफुगवे व्हायचे. दिघ्यांनी पहिल्याच वर्षी खुर्च्या काढून टाकल्या आणि सगळ्यांना सतरंजीवर बसवलं. लोक वा वा म्हणाले. माझ्या पोटात दुखलं ते दुखतच राहिलं.

पण खरी जळजळ मुक्तामुळे. मुक्ता माझी एकुलती एक मुलगी, इथेच जन्मलेली, मोहालीत नोकरीला. मी मराठीत बोलावं आणि तिने हिंदीत उडवून लावावं, "बाबा, बाद में बात करते हैं ना." निवृत्तीनंतर मी कराडला घर बांधत होतो. वरची खोली तिची. तिने पुण्याला बदली मागावी, एवढंच माझं म्हणणं. विषय काढला की ती उठून जायची. आणि तीच पोरगी रोज संध्याकाळी दिघ्यांबरोबर बागेत दोन दोन तास फेऱ्या मारायची, तेही मराठीत बोलत! ते मान डोलावणार, ती हातवारे करणार, आणि मी गॅलरीतून बघत बसणार. बायको आतून ओरडायची, "अहो, चहा निवतोय."

एका रविवारी जेवणाच्या टेबलावर एक टाइप केलेला कागद दिसला. खाली नाव नाही, सही नाही. 'या घरातील एका सदस्याला असे वाटते की, तिचे गाव चंडीगड आहे. कराड हे तिच्या वडिलांचे गाव आहे. हे सांगितल्यास वडील दुखावतील, अशी तिला भीती वाटते.' ही भाषा कुणी शिकवली ते लगेच कळलं. तसाच तणतणत वर गेलो.

"दिघेसाहेब, माझ्या घरात लुडबूड कशाला?"

"मजकूर तिचा आहे, रीत तेवढी माझी," ते म्हणाले. "आमच्याकडे याला नॉन-पेपर म्हणतात. तोंडावर बोलता येत नाही ते लिहायचं, पण सही करायची नाही. नाही पटलं, तर तसा कागद कधी नव्हताच. कुणी हरत नाही. तुम्हीही तसंच उत्तर द्या."

"तिने मला का नाही सांगितलं? तुम्हाला बरं सांगितलं!"

"तुमचा मुद्दा माझ्या लक्षात आला," दिघे म्हणाले.

चार दिवस मी नुसते कागद फाडत होतो. शेवटी लिहिलं : 'वडिलांना वाईट वाटले आहे. तथापि मुलीने चंडीगडलाच राहण्यास त्यांची हरकत नाही. खोली मात्र तिच्या नावाने ठेवली जाईल.' कागद टेबलावर ठेवून बाहेर पडलो. परत आलो तर मुक्ता दारातच उभी.

"बाबा, हे काय केलंत? सही केलीत! खाली तारीखसुद्धा!"

बत्तीस वर्षांची सवय. मजकूर संपला की हात आपोआप सही करतो.

"आता मागे नाही घेता येणार," ती म्हणाली. डोळ्यांत पाणी होतं आणि हसतही होती.

"घ्यायचंही नाही," मी म्हणालो.

मग तो कागद घेऊन ती कुठे गेली असेल? वर, दिघ्यांना दाखवायला. मी दारात उभा राहून जिन्यातल्या तिच्या चपलांचा आवाज ऐकला आणि पुन्हा जळलो.

गेल्या हिवाळ्यात दिघे गेले. आम्ही नवराबायको तोवर कराडला राहायला आलो होतो. मुक्ताचा फोन येताच विमानाने चंडीगड गाठलं. अग्नी तिनेच दिला. तिला इतकं रडताना मी कधी पाहिलं नव्हतं. खोटं कशाला बोलू, तिथेही माझ्या मनात आलं, माझ्यासाठी ही एवढी रडेल का? लाज वाटली. तरी स्मशानातून परतताना गाडीत बोलून गेलोच.

"मुक्ता, मला या माणसाचा फार हेवा वाटायचा गं. तू त्यांच्याशी बोलायचीस. माझ्याशी नाही."

गाडी ती चालवत होती. सिग्नलला थांबवून तिने माझ्याकडे पाहिलं.

"बाबा, आम्ही तुमच्याबद्दलच तर बोलायचो."

"रोज? दोन दोन तास?"

"मग?" तिने नाक पुसलं. "तुम्ही काय सोपे आहात का?"