आउनेच्या पाठीवरची लाली

फिनलंडमधल्या ताम्पेरेच्या आमच्या गिरणवस्तीत आउनेचा हात लागला नाही अशी एक तरी बायकी पाठ दाखवा, मी माझं नाव बदलीन. वस्तीच्या सौनात, म्हणजे वाफेच्या न्हाणीघरात, आउने बायकांना अंघोळ घालायची आणि मी, मार्ता, दाराशी बसून तिकिटं फाडायचे. आता ती सौना पाडलीय, तिथे मोटारी उभ्या करतात. जळो त्या मोटारी! शनिवारच्या बर्चच्या लाकडांचा धूर आठवला की आजही माझा जीव कासावीस होतो.

आत आम्ही सगळ्या उघड्याच असायचो. पाद्रीबाई, सूतखात्यातल्या पोरी, माझी सासू, सगळ्या एका फळीवर. लाजायचं कुणाला? कोण कुणाकडे बघतंय! वाफेत सगळे उकडलेले बटाटे. आउने एकेकीला खाली बोलवायची, साबण लावून अशी खसाखसा घासायची की मेल्या माणसानंही ‘आई गं’ म्हणावं. "गप बस गं, कातडी तुझीच राहणार आहे," ती दरडावायची. नवरा लढाईत गेलेला, मूल नाही. आउने दिसायला कशी होती असं त्या काळी मला कुणी विचारलं असतं, तर मी म्हटलं असतं, हात दणकट आहेत. एवढंच.

सिग्ने तुर्कूहून आली ती चित्रं काढायला. पाववाल्याच्या माडीवर राहायची, स्वीडिश वळणाचं बोलायची, सौनात कोपऱ्यात बसायची. वाफेत कागद टिकत नाही, म्हणून ही बया डोळ्यांत भरून नेते आणि घरी जाऊन रंगवते, असं आम्ही धरून चाललो होतो. दोन हिवाळे राहिली आणि एक दिवस स्टॉकहोमला निघून गेली. जाताना एक चित्र कामगार भवनाला देऊन गेली.

चित्रात वरच्या फळीवर एक बाई पाठमोरी बसलेली, मान वळवून मागे बघतेय. चेहरा अर्धाच, पण भिंतीवर टांगल्या टांगल्या आम्ही बायका ओरडलो, "अगंबाई, ही तर आउने!" पाठीवरचा डावीकडचा तीळ कुणाला ठाऊक नव्हता? मानेपासून कमरेपर्यंत पाठ लालेलाल झालेली. आउने म्हणाली, "असू दे की," आणि कॉफी ओतून घेतली. तेव्हापासून ती रोज संध्याकाळी त्या चित्रासमोरच्याच टेबलावर बसायची. जागा अडली असेल तर उभी राहायची, पण दुसरीकडे बसायची नाही. आम्ही चिडवायचो, "आरसा परवडत नाही वाटतं?"

पुढे भवनाला नवा चिटणीस मिळाला, विल्हो सोर्सा. दारू न पिणारा, न हसणारा. म्हणाला, कामगारांच्या भिंतीवर नागडी बाई शोभत नाही, चित्र कला असेल तर राहील, वासना असेल तर उतरेल. सभेत हात वर करून ठरवू. स्वतः दर शनिवारी पुरुषांच्या बाजूला जन्मला तसा बसायचा मेला, पण भिंतीवर म्हटलं की ह्याला घाम!

त्या आठवड्यात आउने माझ्या खिडकीशी आली. तिकिटाच्या फळीवर ते दणकट हात ठेवले आणि म्हणाली, "मार्ता, ते उतरवलं तर माझ्याकडे काहीच राहणार नाही गं." मी चमकले. एका चित्रासाठी एवढं? पण तिचा आवाज ऐकून थट्टा करवली नाही. घरोघर जाऊन मी बायकांना सांगितलं, सभेला या, नाहीतर अंघोळीला येऊ नका.

आमच्या वाचनालयाच्या बाईंनी हेलसिंकीहून डॉक्टर पायुला म्हणून एक विद्वान बोलावला. कलेतलं सौंदर्य आणि शृंगार हा त्याचा जन्माचा अभ्यास. आम्हाला वाटलं, हा म्हणेल कला आहे, आणि आपण घरी जाऊ. तो चित्रासमोर बराच वेळ उभा राहिला. मग म्हणाला, "जुने पंडित सांगतात, जे बघताना हवंसं वाटत नाही तेच खरं सुंदर. मला हे कधी पटलं नाही. इच्छा काढून टाकलीत तर उरतो तो खाटकाच्या दुकानातला तक्ता, कुठला भाग कुठे ते दाखवणारा. या बाईची त्वचा बघा. रंगवणाऱ्याचं हिच्यावर मन होतं. आणि हिला ते ठाऊक आहे. ही लाली त्याचीच आहे. म्हणून तर चित्र इतकं सुंदर आहे."

सोर्सा खुशीनं उठला. "ऐकलंत? वासना! साहेबांनीच सांगितलं!"

तेवढ्यात माझी सासू उभी राहिली. ऐंशीला टेकलेली, पण जीभ चाकूसारखी. "डॉक्टरसाहेब, तुम्ही कधी सौनात गेलाय का हो? वरच्या फळीवर बसलं की माझीसुद्धा पाठ अशीच लाल होते. माझ्यावर कुणाचं मन आहे, ते जरा बघून सांगता?"

सभागृहात हशा फुटला. मागून कुणीतरी ओरडलं, "आणि रंगवणारी बाई होती, साहेब! सिग्ने! बाईचं मन बाईवर कसं जाईल?" मग तर माणसं खुर्च्यांवरून पडायची बाकी राहिली. डॉक्टर गोरामोरा झाला. काहीतरी बोलायला गेला, ऐकतंय कोण! हात वर झाले. वाफेनं लाल झालेली बाई, त्यात काय वाईट? चित्र राहिलं. सोर्सासुद्धा ओशाळून हसला.

मी आनंदानं आउनेकडे वळले. ती हसत होती, पण गळ्यातला रुमाल सोडत होती, बांधत होती. डॉक्टर टोपी घेऊन निघाला तेव्हा ती उठली, दारापर्यंत गेली आणि त्याचा हात हातात धरला. आम्हाला वाटलं, चांगल्या मनाची आहे, बिचाऱ्याची समजूत काढतेय.

शनिवारी सगळ्या बायका गेल्यावर आम्ही दोघींनी अंघोळ केली आणि टॉवेल गुंडाळून अंगणातल्या बाकावर निवायला बसलो. उन्हाळ्याचे दिवस, ऊन अजून छपरावर होतं. मी सॉसेजला मोहरीची चटणी लावून तिला दिलं. म्हटलं, "जिंकलीस बाई. आता कोण हात लावतोय तुझ्या चित्राला!"

"तो माणूस बरोबर बोलत होता, मार्ता."

"कोण? तो पुस्तकी किडा? अगं, लाली वाफेची—"

"तुम्ही सगळ्यांनी तीळ ओळखलात," आउने म्हणाली. "माझ्या पायाशी फरशी घासायचा ब्रश काढलाय, तो कुणालाच दिसला नाही. सोमवार होता तो."

सोमवारी सौना बंद. सोमवारी आउने एकटीच फळ्या घासायला यायची. भट्टी रविवारपासून गार, वाफ कुठली!

आमच्याकडे तेव्हा बाईचं मन बाईवर जाण्याला तुरुंग होता. सिग्ने एकाएकी का गेली, ते मला त्या बाकावर कळलं. आउने अंगणाकडे बघत होती. "मी नको म्हटलं तिच्याबरोबर जायला. घाबरले. आणि परवा सगळे हसत होते, तेव्हा मला उठून सांगायचं होतं, की अरे, नाही, माझ्याकडे बघितलं होतं कुणीतरी. पण सांगितलं असतं तर चित्र गेलं असतं."

मला रडू आलं. किती वर्षं आम्ही एका वाफेत बसलो होतो! त्या दिवशी मी पहिल्यांदा तिच्याकडे नीट बघितलं. ओले केस, लांब मान, खांद्यावर ऊन.

"सुंदर आहेस गं," मी म्हटलं.

"आहे ना?" आउने म्हणाली, आणि मानेपर्यंत लाल झाली.