नातीनं राखलेली खुर्ची

माझ्या नातीची, सायलीची गाणी तुमी मोबाईलवर ऐकता, कवतिक करता, लई बरं वाटतं. ती पुण्यात एका छोट्या बारमधी गायची. दोन वर्सं बोलवत हुती, "आजी, एकदा तरी ये." मी म्हणायचे, "दारूनं तुझा आजा नेला. त्या दारात मी पाय ठिवायची न्हाई."

आज तो बार बंद झाला, म्हणून तिचं सामान आणायला भोरवरनं गेले. केवढीशी जागा, नसरापूरच्या रसवंतीएवढी. गाण्याच्या जागेम्होरं एक खुर्ची, पाठीला कागद डकवलेला. दोनच अक्षरं, मलाबी वाचता आली. आजी.

मालकीणबाई म्हणाल्या, "कितीबी गर्दी असू दे, हिथं कुणाला बसू दिलं नाही तिनं."

मी बसले. माईक काढून नेला हुता. पोरगी तशीच गायली, एकट्या माझ्यासाठी. काय गळा हाय वं तिचा. ऊर भरून आला आन् काळीज तुटलं.

गाणं संपलं तसा बारचं सामान न्ह्यायला आलेला टेम्पोवाला म्हणाला, "आजी, उठता का? तेवढी एकच खुर्ची ऱ्हायली."

कागद तेवढा घिऊन आले.

गाणाऱ्या पोरीसाठी कुठं जागा हाय का वो? दारूची असली तरी चालंल. मी येईन.