दादाचा नमुना

माझा मोठा भाऊ दहावीनंतर जीप चालवायला लागला, म्हणून मी बी.एस्सी. होऊ शकलो. म्हसावदच्या आमच्या घरातला मी पहिला पदवीधर. पुढे ग्रामीण रुग्णालयात प्रयोगशाळा तंत्रज्ञ झालो, तेव्हा पांढरा कोटही दादानेच शिवून दिला.

गेल्या उन्हाळ्यात एका दुपारी पोलिसांनी त्यालाच आमच्या रुग्णालयात आणलं. मोलगीकडचं वऱ्हाड घेऊन उतरताना त्याची जीप घाटात उलटली होती. एक बाई जागीच गेली होती. दादाला फक्त खरचटलं होतं, पण तोंडाला वास येत होता. डोंगरात वऱ्हाड निघताना म्हातारी माणसं चाकावर मोहाच्या दारूची धार सोडतात आणि उरलेला घोट पानाच्या द्रोणातून ड्रायव्हरला देतात. नाही म्हटलं तर अपशकुन होतो. दादा एरवी थेंबही घेत नसे.

डॉक्टरांनी लघवीचा नमुना घ्यायला सांगितला. दारू निघाली तर गुन्हा जड होणार होता. नमुन्यात कुणी पाणी मिसळू नये म्हणून मी संडासातली बादली रिकामी केली, नळ बंद केला. दादा मागे येऊन कुजबुजला, "भाऊ, तू भरी दे ना बाटली. कोणले कळी?"

"दादा, नही जमाव."

"एकच घोट व्हता रे, देवना. तू मन्हा भाऊ शे ना? मंग काय उपयोग तुन्हा?"

दारातला शिपाई हसला. "काय ड्रायव्हर, घाटात सुसाट, आणि इथे धार निघेना?"

मी डॉक्टरांना सांगितलं, हा माझा सख्खा भाऊ आहे, नमुन्याला मी हात लावणार नाही. मग नमुना त्यांनीच घेतला, बाटलीवर लाखेचं सील लावलं. दादाने सही केली आणि माझ्याकडे न बघता पोलिसांच्या गाडीत जाऊन बसला.

जामिनावर घरी आल्यावरही तो माझ्याशी बोलला नाही. शेवटी मी पत्र पाठवलं:

"ती. दादास शिरसाष्टांग नमस्कार.

तू फोन उचलत नाहीस, म्हणून लिहितो. अहवाल आला. दारू थोडी आहे, पण आहे. वऱ्हाडातल्या म्हाताऱ्यांना भेटलो. घोट आम्हीच दिला, असं कोर्टात सांगायला ते तयार आहेत. त्याने किती फरक पडेल, वकिलालाही माहीत नाही. गेलेल्या बाईच्या घरीही जाऊन आलो. तिच्या मुलाने मला पाणी दिलं. मला ते पिता आलं नाही.

माझा उपयोग काय, असं तू विचारलंस. तारखेला मी येईन, तुझ्याशेजारी उभा राहीन. बोलू नकोस, पण जा म्हणू नकोस.

तुझा लहान भाऊ"