एका भिंतीचे दोन थॉर्नबी

मंजिरीबाई लंडनजवळ पिनरला लेकाकडे राहायला आल्या, त्याच आठवड्यात समोरच्यांचं भांडण त्यांच्या कानावर आलं. कचऱ्याचा डबा फाटकाबाहेर ओढत होत्या बिचाऱ्या. समोर एकाच भिंतीला चिकटलेली दोन घरं, इकडे त्याला सेमी म्हणतात. एका दारात वाळका गोरा म्हातारा, दुसऱ्या दारात उंच काळी बाई, आणि बाईच्या दारावर नवी कोरी पितळी पाटी.

"ही पाटी काढा," म्हातारा म्हणत होता. "हे नाव आमच्या घराण्याचं आहे. लोकांचा गैरसमज होतो."

"माझंही तेच आहे. तुमच्याच लोकांनी दिलंय, आम्ही मागायला नव्हतो आलो."

हे सगळं बाईंना पुढे कळलं. तेव्हा कळले ते नाव, घर, तुमचं, माझं एवढेच चार इंग्रजी शब्द, कारण शाळा चौथीपर्यंतच झालेली. पण भांडण कळायला चार शब्द खूप झाले. मधे एक भिंत, दोन्ही दारांवर एकच आडनाव, थॉर्नबी, आणि तोंडाला तोंड. बाईंनी ओळखलं, वाटणी झालेली आहे. भाऊबंदकी. पिनर झालं तरी माणसं ती माणसंच.

रात्री जेवताना त्यांनी सतीशला सांगितलं.

"अगं आई, तो गोरा, ती काळी. भाऊबंद कसे होतील?"

"का? तुझा काका काळा ठिक्कर आणि तुझे बाबा गोरेपान. एकाच आईचे ना?"

सतीशनं कपाळाला हात लावला नि डाळ वाढून घेतली.

दोन दिवसांनी बाई बेसनाचे लाडू घेऊन निघाल्या. सून वैभवी दारापर्यंत आली. "आई, तिच्याकडे जाताय तर पाटल्या काढून ठेवा हं."

बाईंनी कपाटातल्या दोन जास्तीच्या हातात चढवल्या आणि रस्ता ओलांडला.

त्या काळ्या बाईचं नाव आयोना. हॉस्पिटलच्या स्वयंपाकघरात जन्म गेलेला, नवरा बस चालवायचा, तो वारलेला. घर कौन्सिलनं, म्हणजे इथल्या पालिकेनं, भाड्यानं दिलेलं. शेजारच्याचं मात्र बापापासून स्वतःचं. मंजिरीबाईंनी डबा पुढे केला आणि मोडक्यातोडक्या इंग्रजीत समजूत घातली, की पाटीवरून भावानं बहिणीशी भांडू नये, शेवटी खांद्याला भाऊच लागतो.

आयोना इतकी हसली की पायरीवरच बसली. मग डोळे पुसले, आणि पुसता पुसता तिचं हसू कुठे गेलं ते कळलंच नाही.

ती बार्बाडोसची. तिच्या आजीच्या आजीला थॉर्नबी नावाच्या गोऱ्यानं उसाच्या मळ्यावर राबायला विकत घेतलं होतं. गुराला डाग देतात तसं माणसाला मालकाचं नाव. पुढे गुलामी उठली, माणसं सुटली, तेव्हा जवळ होतं काय? ते नाव. तेवढंच घेऊन बाहेर पडली. आयोनानं लग्नातही ते सोडलं नाही.

"आणि हा त्यातलाच, हे कशावरून?" बाईंनी विचारलं.

"त्याच्या घरातल्या बोळात ऊस गाळायच्या पवनचक्कीचं चित्र आहे. दार उघडलं की दिसतं. खाली मळ्याचं नाव आहे. आजी सांगायची तेच."

 मंजिरीबाईंच्या सासऱ्यांनी जुनं आडनाव टाकून गावावरून नवं लावलं होतं, कारण जुनं ऐकलं की लोक पाण्याचा तांब्या मागे घेत. अजूनही इथल्या मराठी मंडळात कुणी गोड आवाजात "पूर्ण नाव काय हो?" म्हटलं, की बाई चहाचं बघायला उठत. आणि ही बया मालकाचं नाव पितळेत कोरून दारावर लावते.

"मग तुला त्याच्याकडून हवंय तरी काय?"

"काही नको, डार्लिन. एकदा त्यानं म्हणावं, हो, आमचीच माणसं ती. बस."

लाडवांचा डबा आठवड्यानं परत आला, नारळाचा केक भरून. रिकामं भांडं परत देऊ नये हे तिला कुणी शिकवलं होतं देव जाणे. बाईंनी पाटल्या वैभवीच्या डोळ्यांसमोर हलवल्या.

वर्षं गेली. औषधाच्या दुकानाचा माणूस म्हाताऱ्याच्या गोळ्यांची पिशवी हमखास आयोनाच्या दारात टाकायचा. नाव एक, आणि आयोनाचं दार आधी. ती चपला बदलायची, पिशवी घ्यायची, शेजारची बेल वाजवायची. पायपुसण्यावर बूट नीट पुसायची, आधी उजवा, मग डावा. दार वीतभर उघडायचं.

"पुन्हा चुकीचं घर," तो म्हणायचा.

"नाव तेच आहे, मिस्टर थॉर्नबी," ती म्हणायची.

पिशवी आत, दार बंद. आभार वगैरे काही नाही.

सतीश एकदा तिला म्हणाला, "आयोना, दुकानाला एक फोन करा ना. मी करू का?"

"खबरदार," ती म्हणाली. "मग मी त्याची बेल कशाला वाजवू?"

आणि बूट पुसायचे कशाला, तर उद्या तो 'आत या' म्हणालाच, तर त्याला गालिच्यावरून बोट ठेवायला जागा नको. हे मात्र तिनं कधी कुणाला सांगितलं नाही. बाईंनी खिडकीतून बघून ओळखलं.

यंदा तिचं जुनं दुखणं उलटलं. डॉक्टरांनी हात टेकले. मँचेस्टरची लेक शेरिल न्यायला येणार असं ठरलं. आयोना म्हणायची, थोडं थांबू, अजून तो बोलला नाही. पण पेजसुद्धा पचेना, तेव्हा तीही कबूल झाली.

बाई तिचे पाय चेपत बसायच्या. एकदा बोलता बोलता सुतकाचा विषय निघाला. एका नावाचं माणूस गेलं की भाऊबंदांनी दहा दिवस गोड खायचं नाही, बाईंनी सांगितलं.

"साखर नाही? दहा दिवस?" आयोना उशीवरून हसली. "थॉर्नबींच्या घरात? मंजू, ती माणसं मरतील गं."

दोघी हसल्या. मग आयोना भिंतीकडे बघून म्हणाली, "माझं पाळेल का तो?"

"मी पाळीन," बाई म्हणाल्या.

"तू कुठे थॉर्नबी आहेस?"

"आडनावाचं काय घेऊन बसलीस. आमचं तरी कुठे आमचं आहे."

निघायचा दिवस उजाडला. शेरिल गाडीत बॅगा भरत होती, आणि दारात येऊन पडली ती गोळ्यांची पांढरी पिशवी.

"मम, मी देते," शेरिल म्हणाली. "नाहीतर राहू दे तिथंच."

आयोनानं चपला काढल्या, बूट मागितले. नाड्या मंजिरीबाईंनी बांधल्या. एका हाताला काठी, दुसऱ्याला बाई, अशी ती दोन दारांमधली वाट चालली. वाट ती केवढी, पण मधे दोनदा थांबावं लागलं. बेल वाजवली. पायपुसण्यावर उजवा बूट पुसला. डावा उचलताना तोल गेला, बाईंनी धरलं, तिनं तोही पुसला.

दार वीतभर उघडलं. आतली पवनचक्की दिसली. म्हाताऱ्यानं काठी पाहिली, गाडी पाहिली, बॅगा पाहिल्या. त्याचे ओठ हलले.

"पुन्हा चुकीचं घर," तो म्हणाला.

"नाव तेच आहे, मिस्टर थॉर्नबी," आयोना म्हणाली, आणि पिशवी त्याच्या हातात दिली.